गाण्यानंतरची नावं

त्या कार्यक्रमाचं ध्वनिमुद्रण कुठेही सापडत नाही, हे आतापर्यंत मला पुष्कळ जणांनी सांगून झालं आहे. भाच्याने फोनवर शोधून पाहिलं, दोन-तीन ओळखीच्यांना विचारलं आणि शेवटी फार समजूतदार आवाजात म्हणाला, की आत्या, कदाचित दुसराच कुठला तरी कार्यक्रम तुझ्या डोक्यात मिसळला असेल. त्याचा हेतू वाईट नव्हता, पण मला त्या समजूतदारपणाचाच राग आला. माझ्या डोक्यात काहीही मिसळलेलं नाही. 'मैदान-मैफल' नावाचा कार्यक्रम होता. 'वज्रदेह मलम'वाले तो सादर करायचे. रविवारी दुपारी ऊन कलायला लागलं की तो लागायचा आणि बोलता बोलता संपायचा. ज्यांना पुरावा हवा त्यांनी तो शोधत बसावं. मी ऐकलेलं आहे, मला तेवढं पुरतं.

हे सगळं पुन्हा वर आलं ते बाळारामच्या फोनमुळे. आमचं गाव डोंबिवली आणि दिव्याच्या मध्ये, खाडीच्या अंगाला. 'आमचं' म्हणते खरी, पण आम्ही मूळचे तिथले नव्हे. वडील रत्नागिरीकडचे, तिथल्या शाळेत मास्तर म्हणून आले आणि एका आगरी घराच्या पडवीला लागून असलेल्या दोन खोल्यांत आमचा संसार मांडला गेला. मी तिथेच वाढले, लग्न होऊन ठाण्याला गेले. बाळाराम त्या गावातला, माझ्याच वयाचा, तेव्हा 'खाडीवीर क्रीडा मंडळा'च्या मुलांच्या कबड्डी संघाचा कप्तान आणि आता मंडळाचा अध्यक्ष. मंडळाचा सुवर्णमहोत्सव आहे, जुनी महिला खेळाडू म्हणून तुझा सत्कार करायचाय, एकदा येऊन तयारी बघून जा, असं त्याने फार प्रेमाने सांगितलं. मी गेले.

मैदान ओळखू आलं नाही. तीन बाजूंनी टॉवर उभे राहिलेत, त्यांच्या सावल्या एकमेकींवर पडतात. लाल माती गेली. खेळायला निळी मॅट आहे, ती गुंडाळून एका शेडमध्ये ठेवलेली. पोरं पायांना स्प्रे मारत होती, त्याला दवाखान्यासारखा वास येत होता. मी काही नाक मुरडायला गेले नव्हते. मॅटवर गुडघे कमी फुटतात, हे मला कळतं. पण शेडच्या भिंतीवर नवीकोरी संगमरवरी पाटी बसवलेली होती, कडेचं सिमेंट अजून ओलं होतं, आणि बाळाराम मला हौसेने तिच्यासमोर घेऊन गेला. वर लिहिलेलं, 'रेडिओवर गाजलेला आमचा अजिंक्य संघ'. खाली त्याचं नाव, कप्तान म्हणून. त्याच्याखाली त्याच्या गड्यांची नावं.

मी पाटी दोनदा वाचली. मग म्हटलं की हे चुकलंय, रेडिओवर आलेला संघ मुलींचा होता, कप्तान हिरा होती. बाळाराम हसला. उद्धटपणे नाही, मोठ्या माणसाने हसावं तसं. तुम्ही पोरीही खेळलात, कोण नाही म्हणतंय, पण रेडिओवर नाव आलं ते मंडळाचं, आणि तेव्हा मंडळ म्हणजे आम्हीच होतो, अख्ख्या गावाने ऐकलंय, असं त्याचं म्हणणं. एवढं बोलून त्याने माझ्यासाठी खुर्ची मागवली, चहा मागवला आणि शेवटी तेच म्हणाला जे सगळे म्हणतात.

"ताई, पुरावा असंल तर दाखव. उद्याच्या उद्या पाटी बदलतो."

चहा मी तसाच ठेवला.

आता मी जे सांगणार आहे त्याला कोणी हळवेपणा म्हणू नये. जुना काळ फार गोड होता असं माझं मुळीच म्हणणं नाही. गावात पाण्याची बोंब होती, खाडीवरून येणारे डास संध्याकाळी उभं राहू द्यायचे नाहीत, आणि मुलीने मोठ्याने हसलं तरी चार घरांतून माना बाहेर यायच्या. पण रविवारची ती दुपार होती आणि ती होती तशीच सांगितली पाहिजे.

मैदानाच्या कडेला एक पत्र्याचं पिंप असायचं. आठवडाभर त्यात पाणी भरून ठेवायचे, रविवारी ते सगळं मातीवर शिंपडायचे. लाल माती पाणी प्यायली की तिला जो वास सुटायचा तो मी नंतर कुठल्याही बागेत शोधला नाही, कारण सापडणार नाही हे मला माहीत आहे. पिंप रिकामं झालं की ते आडवं करायचे आणि त्याच्या तोंडात बाळारामच्या वडिलांचा ट्रान्झिस्टर ठेवायचे. चामड्याच्या कव्हरातला, खांद्याला अडकवायचा पट्टा असलेला. पिंपात ठेवला की त्याचा आवाज पार मिठागराच्या बांधापर्यंत जायचा, आणि गावातली म्हातारीकोतारी आपापल्या ओट्यावर बसून ऐकायची. आवाज विहिरीतून आल्यासारखा घुमायचा. कित्येक वर्षं मला वाटायचं की रेडिओवरची सगळीच माणसं तशीच बोलतात.

आधी शिट्टी वाजायची, पंचाची शिट्टी. मग हार्मोनियमवर एक छोटीशी धावती सुरावट, आणि मग दोन बायका एका सुरात मलमाचं नाव घ्यायच्या. त्यानंतर तो बोलायचा. त्याने स्वतःचं नाव कधी सांगितलं नाही. 'मी आपला क्रीडामित्र' एवढंच. आवाज थोडा नाकातला, सौम्य, आणि प्रत्येक निकालाआधी तो बारीकसा खाकरायचा. क्रिकेटचं दोन वाक्यांत आटपायचा, मग कुस्ती, खो-खो, आणि मग आमची कबड्डी. गावोगावचे निकाल त्याच्याकडे पोस्टकार्डावर जायचे. जिंकलेल्या मंडळाने निकाल कळवायचा, सोबत खेळाडूंची नावं आणि आवडीचं एक गाणं लिहायचं. अट एकच. मलमाच्या खोक्याचं झाकण कापून कार्डाला चिकटवायचं.

त्याच्या कार्यक्रमाची एक पद्धत होती आणि या सगळ्या भानगडीचं मूळ तीच पद्धत आहे. तो आधी फक्त मंडळाचं नाव सांगायचा. मग म्हणायचा, 'विजेत्यांची नावं गाण्यानंतर.' मग ते गाणं, गाण्यामागून मलमाची जाहिरात, आणि मग नावं. आपली नावं ऐकायची तर जाहिरात ऐकावीच लागायची. कंपनीवाल्यांनी विचार करूनच तसं बसवलेलं असणार. आम्हाला त्यात काही वावगं वाटायचं नाही, उलट गाणं चालू असेपर्यंत जी वाट बघावी लागायची तीच आम्हाला हवी असायची.

कार्यक्रम चालू असताना मैदानात कोणी पाऊल टाकायचं नाही असा नेमच होता. मुलं पिंपाभोवती बसून पोटऱ्यांना मलम चोळायची. कापूर आणि पुदिन्याचा तो वास इतका उग्र होता की भावगीत ऐकताना सगळ्यांच्या डोळ्यांतून पाणी वाहायचं. कोण गाण्याने रडतंय आणि कोण मलमाने, हे ओळखण्यावरून चिडवाचिडवी चालायची. कधी कोळीगीत लागलं की म्हातारे ओट्यावरून ताल धरायचे. कधी एखादं हिंदी गाणं लागलं की कुणाची तरी आई लांबून ओरडायची की आवाज कमी करा. क्रीडामित्र मात्र सगळ्या गाण्यांबद्दल सारख्याच मायेने बोलायचा. चढाई आणि तान यांत दमाचंच काम असतं, असं तो एकदा म्हणाला होता. मी गाणं कधी शिकले नाही, पण ते मला पटलं.

आम्ही मुली पिंपापासून लांब, बांधावर बसायचो. आमचा संघ होता, पण गावाच्या लेखी नव्हता. मुलांचा सराव संपून ती घरी गेली आणि पुरतं अंधारलं नाही, एवढ्याशा वेळात आम्ही खेळायचो. भावांचे जुने शर्ट आणि नाडीचे पायजमे, हा आमचा पोशाख. हिरा बाळारामची चुलत बहीण, तिच्या अंगात त्याचाच कॉलर फाटलेला शर्ट असायचा. हिरा बुटकी होती, काळी, मनगटं जाड. दिवसभर मिठागरावर पाट्या उचलायची. घोटा पकडला की सोडायची नाही. समोरची मुलगी ओरडली, घसरली, तिने माती उडवली, तरी हिराचे डोळे मिटलेले आणि पकड तशीच. मी चढाईला जायची, कारण माझ्यात दम होता आणि पाय लांब होते. मास्तरांची मुलगी असल्यामुळे लिहायचं कामही माझ्याकडेच.

ठाण्याच्या स्पर्धेला आम्ही मंडळाचंच नाव लावून, घरी थाप मारून गेलो. माझ्या मावशीकडे हळदीकुंकू आहे, असं सांगितलं. सगळ्याजणी साड्या नेसून, गजरे माळून निघालो आणि पायजमे पिशवीत. त्याच स्पर्धेत मंडळाची मुलंही उतरलेली, ती पहिल्याच सामन्यात हरून परत आली होती आणि गावात त्यांनी पंचाला शिव्या घालून विषय मिटवला होता. आम्ही जिंकलो. अंतिम सामना ठाण्याच्याच एका गिरणीच्या मुलींशी होता, त्या आमच्यापेक्षा वयाने मोठ्या आणि अंगाने दुप्पट. शेवटच्या चढाईला त्यांची कप्तान आली आणि हिराने तिचा घोटा धरला. बाकीच्या आम्ही हिरावर पडलो. उठलो तेव्हा सगळ्यांच्या केसांत माती होती आणि हिराचा गजरा कुठे गेला ते कळलं नाही.

कप घेऊन गावात जायची सोय नव्हती. तो माझ्या आईने तांदळाच्या डब्यात लपवला. आईला सगळं माहीत होतं. हिराच्या वडिलांना कळलं असतं की पोरगी ठाण्याला जाऊन लोकांसमोर खेळली, तर तिचं काय झालं असतं ते सगळ्या गावाला ठाऊक होतं. तेव्हा आम्ही ठरवलं की गावाला हे आपण सांगायचंच नाही. क्रीडामित्र सांगेल. रेडिओवर नाव आलं की कोणाची हिंमत होते मारायची? रेडिओवरच्या माणसाशी कोण भांडणार? आजही मला वाटतं की आमचा बेत चुकीचा नव्हता.

मलमाचं खोकं मिळवायला मात्र घाम निघाला. बाटली संपल्याशिवाय कोणी खोकं देईना. मग आम्ही हिराच्या आजोबांच्या गुडघ्यांमागे लागलो. सकाळ-संध्याकाळ आळीपाळीने चोळायला जायचो. म्हातारा आधी भारावला, मग वैतागला, शेवटी आम्ही दिसलो की धोतर सावरून पळायला बघायचा. पण बाटली संपली. मी कार्ड लिहिलं, मंडळाचं नाव, स्पर्धेचं नाव, खाली सातजणींची नावं, सगळ्यांत वर हिराचं. गाणं हिराने निवडलं, लग्नात वाजतं तसलं एक. टपालपेटीत कार्ड पडल्याचा आवाज ऐकायला आम्ही सगळ्या गेलो होतो.

आणि तो रविवार आला. क्रीडामित्र खाकरला. म्हणाला की ठाण्याच्या कबड्डी स्पर्धेत यंदा अजिंक्य ठरलं आहे डोंबिवलीजवळचं खाडीवीर क्रीडा मंडळ, आणि विजेत्यांची नावं गाण्यानंतर.

एवढं ऐकायचा अवकाश, मैदान पेटलं. कोणी थांबलंच नाही. मंडळाचं नाव आलं म्हणजे मुलं जिंकली, एवढं सगळ्यांना पुरलं. ओट्यांवरचे म्हातारे धावत आले, बाया आल्या, कोणी ताशा आणला, कोणी गुलालाची पुडी फोडली, आणि बाळारामला चौघांनी खांद्यावर उचललं. हरून आलेल्या मुलांनी एकमेकांकडे पाहिलं, ते मी बांधावरून बघितलं. त्यांना काही समजत नव्हतं आणि समजून घ्यायला कोणी वेळ देत नव्हतं. गाणं सुरू झालं होतं, ते ताशात बुडून गेलं. हिराला तिच्या काकीने हात धरून नाचायला ओढलं. ती नाचली. भावासाठी नाचायचं असतं म्हणून नाचली.

मी धावत पिंपापाशी गेले आणि गुडघ्यांवर बसून डोकं आत घातलं. आत उन्हाने तापलेल्या पत्र्याचा वास होता, बॅटरी उतरत आलेली होती, आवाज बारीक झालेला. जाहिरात झाली. मग तो खाकरला आणि म्हणाला, कप्तान हिरा. तिचं पूर्ण नाव, वडिलांच्या नावासकट, न अडखळता. मग बाकीच्यांची, माझंही. शेवटी म्हणाला की या मुलींना आपल्या क्रीडामित्राचा नमस्कार. पिंपाबाहेर 'बाळाराम, बाळाराम' चाललं होतं. अख्ख्या गावात ती नावं ऐकणारी मी एकटी होते.

बाहेर येऊन मी ओरडले असणार, पण ऐकलं कोणी? गुलालाने माखलेल्या लोकांना काय सांगणार? हिराला तेवढं मी नंतर सांगितलं. दुसऱ्या दिवशी आईने तांदळाच्या डब्यातून कप काढला, चिंचेने घासला आणि बाळारामला बोलावून त्याच्या हातात दिला. मंडळाचा आहे, मंडळात ठेव, एवढंच म्हणाली. कुठून आला हे त्याने विचारलं नाही. मी आईवर कित्येक दिवस रुसले होते. हिराची पाठ वाचावी म्हणून तिने ते केलं, हे मला कळत होतं आणि तरी मी रुसले होते. त्याच उन्हाळ्यात हिराचं लग्न झालं. 'मैदान-मैफल' पुढे कधी तरी बंद पडला. मलमही दुकानांतून गेलं. आता त्याचं नाव घेतलं तर लोक हसतात.

बाळारामच्या त्या चहानंतर मी घरी न जाता दिव्याला गेले, हिराकडे. ती तिथे मुलाकडे असते, तिसऱ्या मजल्यावर, आणि त्या दिवशी पाण्याचा टँकर आला नव्हता म्हणून जिन्यात रिकाम्या हंड्यांची रांग होती. हिराचे गुडघे आता तिच्या आजोबांसारखे झालेत. मी पाटीचं सांगितलं. मला वाटलं चिडेल. ती मटार सोलत राहिली. म्हणाली, की जाऊ दे, भाऊ आहे माझा, मला तरी आता कुठे मिरवायचंय. मी पुष्कळ बोलले, तावातावाने बोलले. ती ऐकून घेत होती. मग तिने शेंगांचं ताट बाजूला ठेवलं.

"एक विचारू? तू खरंच ऐकलेलंस ना गं? का माझा मन राखाला सांगितलंस तेव्हा?"

इतकी वर्षं हिरा हा प्रश्न पोटात घेऊन जगली होती. सासरी कोणाला तरी तिने सांगितलं असेल, की माझं नाव रेडिओवर आलेलं, आणि ते हसले असतील. नातवंडांना सांगितलं असेल. आणि दर वेळी सांगताना तिला स्वतःलाच खात्री नसेल, कारण तिने ऐकलंच नव्हतं, ती भावासाठी नाचत होती. तिच्याकडे काय होतं, तर माझा शब्द. मी तिचे हात धरले आणि सांगितलं की ऐकलं, जसंच्या तसं ऐकलं, तुझ्या बापाच्या नावासकट ऐकलं. तिने मान डोलावली. पण ती मान माझी समजूत घालायला डोलावली होती. ते बघून मी ठरवलं की ही पाटी अशी राहू द्यायची नाही. पुरावा नसला तर नसू दे.

सुवर्णमहोत्सवाला मी हिराला रिक्षात घालून घेऊन गेले. ती नको नको म्हणत होती, पण नेसली मात्र नवी साडी. आम्ही मागच्या रांगेत बसलो. व्यासपीठावर पाहुणे, नगरसेवक, फुगे, मोठाले भोंगे. पाटीवर रेशमी कापड घातलेलं. संध्याकाळ व्हायला आली होती, समोरच्या टॉवरच्या गॅलऱ्यांतून लोक वाकून बघत होते. एकेकाला शाल आणि नारळ मिळत होता. मग माझं नाव पुकारलं. मी वर गेले. बाळारामने शाल उघडली, आणि मी ती अंगावर घेतली नाही. माइक सूत्रसंचालन करणाऱ्या मुलीच्या हातात होता, तो मी मागून घेतला.

मी काही भाषण केलं नाही. एवढंच म्हटलं की पाटीवर ज्या विजयाचं लिहिलंय तो मुलींच्या संघाचा आहे, त्याची कप्तान हिरा शेवटच्या रांगेत बसली आहे आणि ती नावं मी माझ्या कानांनी ऐकलेली आहेत. कुजबुज सुरू झाली. नगरसेवक घड्याळ बघायला लागले. पुढच्या रांगेतून कोणीतरी अपेक्षेप्रमाणे विचारलंच, की पुरावा काय. पुढची रांग म्हणजे बाळारामचाच जुना संघ, पांढऱ्या टोप्या घालून सत्काराला बसलेला. मी म्हटलं, पुरावा नाही. रेडिओवर बोललेलं हवेत गेलं, ते मी कुठून आणू? पण खेळलेलं हवेत जात नाही. ज्याने तो अंतिम सामना खेळला, त्याला समोर कोण होतं ते आठवत असेल. हरलेला सामना माणूस विसरेल, जिंकलेला विसरणार नाही. एवढं बोलून मी माइक बाळारामच्या पुढे धरला.

"सांग. अंतिम सामना कोणाशी झाला?"

त्याने माइककडे पाहिलं. मग पुढच्या रांगेकडे पाहिलं. तिथे सगळे खाली बघत होते, एकानेही त्याला नाव सुचवलं नाही. त्यांनी काहीही एक नाव फेकलं असतं तरी मला खोटं ठरवणं कठीण गेलं असतं, हे मला त्या क्षणी कळत होतं. पण म्हातारी माणसं होती, आपल्याच गावात बसलेली होती, आणि हिरा मागे होती. बाळारामने हळूच माझ्या हातातला माइक खाली केला. तो जे बोलला ते फक्त मला ऐकू आलं.

"मना खांद्यावर उचललेला ना गं. तिथून खाली उतरावासाच नाय वाटला."

त्याचे डोळे भरले होते आणि मला त्याची दया आली, हे लपवून काय करू? सगळा गाव आपलं नाव घेतोय, वडील गुलालात नाचतायत, अशा वेळी कोण सांगेल की थांबा, हे माझं नाही? मी तरी सांगितलं असतं का, कोण जाणे. पण दया आली म्हणून गोष्ट बदलत नाही. तेव्हा तो खांद्यावर होता तितका वेळ हिरा मातीत नाचत होती आणि आज ती शेवटच्या रांगेत बसून, मी वेड्यासारखं काही करीन म्हणून घाबरलेली होती.

"मग आता उतर," मी म्हटलं.

मी हे माइकमध्ये बोलले नाही. पण त्याला ऐकू आलं. मग त्याने स्वतःचा फेटा काढून खुर्चीवर ठेवला, कठड्याला धरून व्यासपीठाच्या पायऱ्या उतरला आणि खुर्च्यांच्या मधल्या वाटेने मागे चालत गेला. गुडघे त्याचेही गेलेत, त्यामुळे फार वेळ लागला. कोणी त्याला हात दिला नाही, मीही दिला नाही. हिरापाशी पोचला तेव्हा ती उठायला धडपडत होती. तो तिच्यासमोर वाकला आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात त्याने तिला विचारलं की कोणाशी होता गं सामना. हिराने नाव सांगितलं. गिरणीचं, त्यांच्या कप्तानाचं आणि तिच्या कुठल्या पायाचा घोटा धरला तेसुद्धा.